पाव फेरा जास्तीचा

कारखान्यात त्यांना सगळे पावफेरे म्हणत. खरं आडनाव काय होतं ते फक्त पगारपत्रकाला ठाऊक. झालं असं की, बोल्ट आवळताना टॉर्क पाना ‘कट्’ वाजला की ठरलेला जोर लागला, काम संपलं. कुठलाही शहाणा फिटर तिथे पाना खाली ठेवतो. हे नाही ठेवायचे. खिशातला साधा पाना काढून नटाला लावायचे आणि ‘हा आपल्या हाताचा’ म्हणत पाव फेरा जास्तीचा द्यायचे. चौतीस वर्षं हेच. साहेब आले, साहेब गेले, पाव फेरा काही गेला नाही.

कारखाना काचेच्या बरण्यांचा. काच वितळवायची भट्टी विजेवर चालायची, आणि ती वीज ट्रान्सफॉर्मरच्या खोलीपासून भट्टीपर्यंत नेणाऱ्या वीतभर रुंद पट्ट्या एका लांबलचक गॅलरीतून गेलेल्या. बसबार म्हणतात त्यांना. पट्टीला पट्टी जोडत नेलेली. असे चोवीस जोड, प्रत्येक जोडाला आठ बोल्ट. पूर्वी पट्ट्या तांब्याच्या होत्या तेव्हा पाव फेरा खपून जायचा. तांबं सोसतं. दहा वर्षांपूर्वी तांबं काढून अ‍ॅल्युमिनियम बसवलं, आणि सगळं गणितच बदललं. अ‍ॅल्युमिनियम हलकं, स्वस्त, पण जातीचं मऊ. उघडं पडलं की डोळ्याचं पातं लवतंय तोवर त्याच्यावर न दिसणारी साय धरते, आणि त्या सायीतून वीज धड जात नाही. म्हणून ग्रीस लावून, त्या ग्रीसमधूनच तारेच्या ब्रशने घासून, लगेच जोड बांधायचा. आणि बांधताना फार आवळायचं नाही. फार आवळलं तर ते बोल्टाखालून हळूहळू सरकतं, पोळपाटावर दाबलेल्या कणकेसारखं कडेला फुगतं. मग जोड आतून सैल पडतो; सैल पडला की तापतो; तापला की आणखी सरकतो. अति तिथे माती, दुसरं काय!

हे सगळं पुस्तकात लिहिलेलं होतं. ते पुस्तक पावफेऱ्यांच्या टेबलावर असायचं आणि त्यावर ते चहाचा कप ठेवायचे.

पुस्तक वाचलं ते त्यांच्या लेकीने. तीही फिटरच झाली, त्याच कारखान्यात शिकाऊ म्हणून लागली, आणि सात वर्षांपूर्वी जोडकामाच्या परीक्षेला बसली. ही परीक्षा पास झाली की कार्ड मिळतं, आणि कार्ड असेल तरच बसबारच्या जोडावर सही करता येते. परीक्षक कोण? तर बाप. तिने जोड सुरेख बांधला. आठवा बोल्ट ‘कट्’ वाजला तशी ती पाना खाली ठेवून म्हणाली, “झालं.”

“पाव फेरा राहिला,” पावफेरे म्हणाले.

“तो पुस्तकात नाहीये.”

“पुस्तकाला हात नसतात, पोरी.”

“आणि हातांना कान नसतात का, बाबा? पाना वाजला तो तुम्हाला ऐकू नाही आला?”

चार शिकाऊ पोरं खो खो हसली. बस्स, तिथेच घोडं अडलं. एकट्यात म्हणाली असती तर बापाने कौतुकाने चारचौघांत सांगितलं असतं. चारचौघांत म्हणाली म्हणून नापास केलं. आता तुम्हीच सांगा, सुंभ जळला तरी पीळ जात नाही म्हणतात, इथे तर सुंभही शाबूत होता. लेकीने त्याच संध्याकाळी बॅग भरली. “चार दिवसांत येईल,” पावफेरे बायकोला म्हणाले. त्या चार दिवसांची सात वर्षं झाली.

तिने दुसऱ्या कारखान्यात परीक्षा दिली, पहिल्या फटक्यात कार्ड मिळवलं, आणि दोन वर्षांपूर्वी पुन्हा इथेच नोकरीला आली. पण दुसऱ्या पाळीला. दुपारी दोनला हे निघणार, दोनला ती येणार. हे मागच्या दाराने, ती पुढच्या. पाळीचा निरोप वहीत लिहून ठेवायचा, तोंड बघायची गरज नाही. पुलापलीकडे तिने दोन खोल्या घेतल्या होत्या. दर रविवारी तिची आई डबा घेऊन जायची, आणि परत आली की पावफेरे पेपर उलटा धरून बसलेले असायचे.

“बरी आहे ना?”

“बरी आहे.”

“आणखी काही?”

“आणखी काही हवं असेल तर बस नंबर सांगते. स्वतः जा.”

बाई बोलायला तिखट, पण तिच्या बाजूने विचार करा. सात वर्षं नवरा आणि मुलगी यांच्यामधल्या पुलावरून तीच ये-जा करत होती. पावफेरे उठून घराच्या गॅलरीत जायचे आणि पुलाच्या दिशेला बघत उभे राहायचे. लेकीची आठवण त्यांना अशी नुसती यायची नाही, ती दुखायची. पण म्हणायचं कसं? आणि कोणत्या तोंडाने?

यंदा भट्टीची डागडुजी निघाली तेव्हा भट्टी बंद ठेवून बसबारचे सगळे जोड नव्याने बांधले. एक ते बारा लेकीकडे आले, पुढचे दुसऱ्या फिटरांकडे; पावफेऱ्यांकडे नुसती देखरेख. तिने प्रत्येक बोल्टाखाली वाटीसारखे बाक असलेले नवे वॉशर घातले. हे वॉशर स्प्रिंगचं काम करतात, पट्टी तापून फुगली की दबतात, निवली की पुन्हा दाब धरतात. मग पाना वाजेपर्यंत आवळलं, आणि पट्टी व नट दोन्हींवर मिळून पांढऱ्या रंगाची एकेक रेघ ओढली. नट जरा जरी फिरला तरी रेघ तुटलेली दिसावी म्हणून.

दुसऱ्या दिवशी पहाटे, वीज सोडायच्या आधी, पावफेरे शेवटची नजर टाकायला गॅलरीत शिरले. नवव्या जोडासमोर त्यांचे पाय थांबले. या जोडाशी पट्टी वळते, तांब्याच्या काळापासून त्यांना या जागेचा भरवसा नव्हता. जोड मात्र देखणा बांधलेला. ग्रीस सगळीकडे एकसारखी, बोल्ट एका ओळीत. त्यांना भरून आलं. माझी पोर! आणि मग, काय सांगावं, त्यांचा हात खिशात गेला. हिचा जोड कधी ढिला पडू नये, हिच्या सहीकडे कधी कोणी बोट दाखवू नये, एवढंच होतं हो त्या माणसाच्या मनात. ‘हा आपल्या हाताचा’ म्हणत त्यांनी आठही नटांना पाव पाव फेरा दिला. रेघा तुटल्या, त्या पुसून नव्या ओढल्या. दहाव्या जोडाकडे वळणार तेवढ्यात साहेबांची हाक आली, म्हणून दहावा वाचला.

महिन्याभराने नववा जोड तापला. बाकीचे साठ अंशांवर, हा एक्याण्णव.

नव्वदच्या वर गेलेल्या जोडाचा नियम कडक होता. भट्टीत शेकडो मण काच वितळलेली, ती गोठली तर भट्टीच गेली. त्यामुळे तयारी केल्याशिवाय वीज तोडता येत नाही. तोवर जोडावर पहारा. आणि पाळी बदलताना नुसती वही चालत नाही. दोन्ही पाळ्यांच्या माणसांनी जोडासमोर उभं राहायचं, जाळीबाहेरून, न शिवता तापमान सांगणारी गन रोखून आकडा घ्यायचा, दहा मिनिटं थांबून पुन्हा घ्यायचं, आणि दोघांनी सही करायची. पहिल्या पाळीचा माणूस म्हणजे पावफेरे. दुसऱ्या पाळीचं माणूस म्हणजे लेक.

पहिल्या दिवशी ती आली, गन रोखली, म्हणाली, “एक्याण्णव.”

“एक्याण्णव,” हे म्हणाले.

मग दहा मिनिटं. सात वर्षांनंतर हातभर अंतरावर दहा मिनिटं, आणि करायचं काय तर घड्याळाकडे बघायचं! ती बघत होती. हे तिच्याकडे बघत होते. कानाजवळ एक केस पांढरा झालेला. मनगटावर भाजल्याचा जुना डाग, हा कधीचा? कोणी मलम लावलं? उभं राहताना एका पायावर भार टाकायची सवय आईची. दहा मिनिटं संपली. “एक्याण्णव.” “एक्याण्णव.” सही, सही. ती निघून गेली आणि पावफेरे सबंध रस्ता घरापर्यंत चालत गेले, बस दिसलीच नाही त्यांना.

पाचव्या दिवशी ती शिंकली. ‘वाफ घे गं’ हे शब्द ओठांपर्यंत आले, आणि तोंडातून निघालं, “चौऱ्याण्णव.” पण खरं सांगू? पावफेरे सुखात होते. दाढी रोज करायला लागले. दीड वाजल्यापासून गॅलरीत येऊन उभे. जोड तापतोय ही काळजी वरवरची. खाली मनात एकच इच्छा, एवढ्यात निवू नकोस रे बाबा.

आठव्या दिवशी साहेबांनी बोलावून सांगितलं, “गुरुवारी चार तास वीज तोडतोय. नऊ नंबर उघडू. काम कच्चं निघालं तर जिची सही तिचं कार्ड जाणार. तुमची मुलगी आहे म्हणून आधी सांगितलं.”

पावफेरे तडक गॅलरीत गेले. लेकीचं कुठे चुकलं असेल ते आधी आपण पाहावं, काही सांगता आलं तर सांगावं, म्हणून बॅटरी मारून जाळीतून बघू लागले. दहाव्या जोडाचे वॉशर किंचित उचललेले, नीट न बसलेल्या झाकणासारखे. आठव्याचेही तसेच. नवव्याचे सपाट. चपटे. मेलेले. आणि त्यांच्या कडेने पांढरं अ‍ॅल्युमिनियम फुगून वर आलेलं. आठही बोल्टांना, अगदी सारखं.

ते तिथल्या स्टुलावर मटकन बसले. हाताच्या काकणाला आरसा कशाला! चौतीस वर्षांचा तो हात त्यांनी मांडीवर उलटा ठेवला आणि त्याच्याकडे बघत राहिले. म्हणजे आपण केलं हे. आणि सात वर्षांपूर्वी तिचंच बरोबर होतं. एवढ्या वर्षांत आपण आणखी किती जोडांना... छे, तो विचार त्यांनी पुढे नेलाच नाही.

वाट सोपी होती. तोंडात मूग गिळून बसायचं. रेघा शाबूत, सही तिची, नट कोणी फिरवले याला साक्षीदार कोण? पाच आठवड्यांनी हारतुरे घेऊन निवृत्त व्हायचं. आणि बोललं तर? नाव जाणार, कार्ड जाणार, आणि जोड दुरुस्त झाला की दुपारची ती दहा मिनिटंही जाणार. नाव गेलं असतं तर चाललं असतं त्यांना. दहा मिनिटांसाठी जीव तुटत होता.

रात्री जेवणं झाल्यावर त्यांनी बायकोला सगळं सांगितलं. ती ताटं उचलता उचलता थांबली. आधी हसली, मग पदराने डोळे पुसू लागली.

“अहो, लेक हवी होती तर हाक मारायची. पाना कशाला मारलात?”

“ती माझ्याशी पुन्हा बोलायची नाही.”

“आत्ता कुठे बोलते आहे? आकडे सांगते ती तुम्हाला.” ती ताटं घेऊन आत गेली आणि आतूनच म्हणाली, “तिचं कार्ड गेलं ना, तर मी त्याच दिवशी पुलापलीकडे राहायला जाईन. मग बसा पेपर उलटा धरून.”

दुसऱ्या दिवशी दोन वाजता लेक आली. गन रोखली. “अठ्ठ्याण्णव.”

पावफेऱ्यांनी आकडा म्हटला नाही. “हा जोड मी बिघडवला,” ते म्हणाले. “तू बांधल्यावर पहाटे येऊन पाव फेरा दिला. आठही बोल्टांना. रेघा पुसून पुन्हा काढल्या. तुझं काम चोख होतं. परीक्षेतही चोख होतं. मी साहेबांना सांगायला निघालोय, पण आधी तुला.”

तिने गन खाली केली. “माहीत आहे मला.”

“काय माहीत आहे?”

“मी रेघ पट्टीवरून नटाकडे ओढते. तुम्ही नटावरून पट्टीकडे. रंगाचा थेंब जिथे ब्रश टेकतो तिथे जाड पडतो. पहिल्याच दिवशी दिसलं.”

“मग सांगितलं का नाहीस?”

“कोणाला? साहेबांना? मुलगी स्वतःच्या चुकीचं खापर बापाच्या डोक्यावर फोडते म्हणाले असते.” तिचा आवाज चढला. “आणि तुम्हाला का सांगू? तुम्ही सांगता का, तेच बघायचं होतं मला. रोज इथे येऊन उभी राहायचे, वाटायचं आज बोलतील. आज नक्की बोलतील. तर म्हणे चौऱ्याण्णव!”

“मला कालच कळलं गं. देवाशपथ. त्याआधी मी नुसता... तू येतेस म्हणून येत होतो.”

दहा मिनिटं व्हायची होती, दोघं उभी राहिली. मग तिने गन रोखली, अठ्ठ्याण्णवच होतं, दोघांनी सही केली.

साहेब चिडले नाहीत, तेच वाईट झालं. त्यांनी नुसता हात पुढे केला, पावफेऱ्यांनी खिशातून कार्ड काढून दिलं. उरलेले पाच आठवडे हत्यारांच्या खिडकीवर बसायचं, पाने मोजून द्यायचे आणि मोजून घ्यायचे. कारखान्यात बातमी वाऱ्यासारखी पसरली. कोणी हसलं, कोणी हळहळलं.

गुरुवारी वीज तोडली. जोडावर दोन माणसं लागतात. लेकीने मदतनीस म्हणून त्यांचंच नाव दिलं. का दिलं ते विचारायची कोणाची छाती नव्हती. पावफेरे ग्रीसचा डबा धरून उभे राहिले. तिने जोड उघडला, फुगलेली पट्टी वीतभर कापून नवी बसवली, ग्रीस लावली, ब्रश मारला, नवे वॉशर घातले. एकेक बोल्ट कट् वाजत गेला. आठवा वाजला. साहेब, दोन फिटर, सगळे पावफेऱ्यांकडे बघायला लागले. तीही बघायला लागली.

“झालं?” तिने विचारलं.

“झालं,” पावफेरे म्हणाले. त्यांचे दोन्ही हात डब्यावर होते.

वीज सोडली. संध्याकाळी नववा जोड एकोणसाठ अंशांवर आला आणि तिथेच राहिला. पहारा उठला. दुसऱ्या दिवशी पाळीचा निरोप पुन्हा वहीत.

पावफेऱ्यांनी हत्यारांच्या खिडकीवर दीडपर्यंत दम धरला. पावणेदोनला शेजारच्या माणसाला म्हणाले, “जरा बघशील?” आणि पुढच्या दाराशी, जिथे हजेरीचं यंत्र लावलेलं होतं, तिथल्या बाकावर जाऊन बसले. दोनला सहा मिनिटं कमी असताना लेक आली. कार्ड यंत्राला लावलं. मग ते दिसले.

“नऊ नंबरवर आता काही नाहीये,” ती म्हणाली.

“माहीत आहे.”

“मग कशासाठी थांबलात?”

“तुझ्यासाठी. दुसरं कारण नाही. सात वर्षं कारण शोधत होतो, आता दमलो. तुझी फार आठवण येते गं.”

ती उभीच राहिली. येणारी-जाणारी माणसं यंत्राला कार्डं लावत होती, यंत्र टिक्‌टिक् वाजत होतं. मग ती बाकावर बसली. अगदी जवळ नाही, मध्ये बॅग ठेवून. त्यांनी तिच्या मनगटाकडे बोट दाखवलं.

“हे कधी भाजलं?”

“तिकडे. तिसऱ्या वर्षी. केबलच्या कामात.”

“फार दुखलं?”

“तेव्हा दुखलं,” ती म्हणाली, आणि भोंगा झाला.

ती उठली, बॅग खांद्याला लावली, चार पावलं गेली. पावफेरे आपल्या गुडघ्यांकडे बघत बसले होते. वर बघायचा धीर त्यांना होत नव्हता.

“उद्या लवकर येते मी,” ती दारातून म्हणाली. “तुम्हीही या, बाबा. सहा मिनिटांत काही होत नाही.”